फॉरमॅट मारण्याआधी राइट क्लिक तपासा

जून लागला की नेवासा-शेवगाव पट्ट्यातल्या सेवा केंद्रांचे फोन सुरू होतात. प्रवेश, उत्पन्नाचे दाखले, नॉन-क्रिमीलेअर, सगळं एकदम येतं आणि मशीन नेमकं तेव्हाच बसतं. तक्रारही ठरलेली असते: "फाइलवर राइट क्लिक केलं की गोल फिरत राहतं, मग खालची पट्टीच गायब. भाऊ, फॉरमॅट मारून द्या."

मी लगेच फॉरमॅट मारत नाही. घोडेगावच्या पुढे एका केंद्रात आधी कुणीतरी तो मारलाच होता, तरी महिन्याभरात दुखणं परत आलं. केंद्र चालवणाऱ्या ताईंना विचारलं, "फॉरमॅटनंतर काय काय टाकलं?" त्यांनी पेन ड्राइव्ह दाखवला. त्यात 'ऑल सॉफ्टवेअर' नावाचा फोल्डर, आणि तो जसाच्या तसा पुन्हा चढवलेला. फोटो ठरलेल्या केबीत बसवणारी दोन-तीन फुकटी सॉफ्टवेअरं, पीडीएफ जोडणारं एक, झिप उघडणारी दोन. कागद अपलोड करायचे तर हे लागतंच, त्यात ताईंचा दोष नाही. पण प्रत्येकाने राइट क्लिकच्या यादीत आपली ओळ घुसवली होती.

फोल्डर दाखवणारा, डेस्कटॉप मांडणारा आणि टास्कबार काढणारा प्रोग्रॅम एकच, एक्सप्लोरर. विंडोज 95 पासून बाहेरच्या सॉफ्टवेअरला या यादीत शिरायची मुभा आहे. काही ओळी साध्या असतात, दाबल्यावर एखादा प्रोग्रॅम सुरू करतात, एवढंच. बाकीच्यांमागे डीएलएल फाइल असते. तिची नोंद रजिस्ट्रीत होते आणि तुम्ही राइट क्लिक केलं की एक्सप्लोरर ती स्वतःच्या पोटात घेऊन चालवतो. तुम्ही ती ओळ दाबा वा न दाबा. ती अडकली की तोही अडकतो, ती कोसळली की टास्कबारसकट तोही कोसळतो. लग्नपत्रिका छापणाऱ्यांकडे कोरलच्या फाइलींची छोटी चित्रं दाखवणाऱ्या डीएलएल असतात. विंडोज व्हिस्टापासून अशा चित्रांचं काम सहसा 'कॉम सरोगेट' नावाच्या वेगळ्या प्रोसेसमध्ये होतं, म्हणून तिथे गडबड झाली तर तेवढाच भाग मरतो. राइट क्लिकला ते संरक्षण नाही.

फाइलींच्या आयकॉनवर हिरवी टिकली किंवा निळा बाण लावणाऱ्या डीएलएलची गंमत और. विंडोजमध्ये अशा खुणांना जागा मोजक्या, जेमतेम 15, आणि त्यातल्याही काही विंडोज स्वतःसाठी वापरतं. नोंदी नावाच्या क्रमाने लागतात, म्हणून काही कंपन्या आपल्या नावाआधी मोकळ्या जागा टाकून पुढे घुसतात. माळीवाडा स्टँडवर एसटीच्या खिडकीतून रुमाल टाकून सीट धरावी, तसंच हे. तुमच्या फाइलीवरची टिकली अचानक दिसेनाशी झाली, तर कुणाचा तरी रुमाल आधी पडलाय.

आता उपाय. पट्टी गायब झाली तर मशीनचं बटण दाबून बंद करू नका. कंट्रोल, शिफ्ट, एस्केप एकत्र दाबा, टास्क मॅनेजर उघडेल. त्यात नवीन टास्कमध्ये 'एक्सप्लोरर' टाइप करून चालवा, पट्टी परत येते. मग पाहा, अडचण कुठे येते? सगळ्याच फाइलींवर की फक्त फोटोंवर? डेस्कटॉपच्या मोकळ्या जागेवर? नोंदी फाइलीच्या प्रकारानुसार असतात, त्यामुळे निम्मा शोध इथेच लागतो. इव्हेंट व्ह्यूअरमध्ये एक्सप्लोरर कोसळल्याच्या नोंदीत दोषी मॉड्यूलचं नावही बहुधा सापडतं.

तेवढ्यावर भागलं नाही तर निरसॉफ्टचं 'शेलएक्सव्ह्यू' घ्या, 64 बिट विंडोजला त्याचीच 64 बिट आवृत्ती. मायक्रोसॉफ्टबाहेरच्या नोंदी त्यात गुलाबी दिसतात. त्यातल्या निम्म्या एफ7 ने बंद करा, एक्सप्लोरर पुन्हा सुरू करा, राइट क्लिक करून बघा. बरं वाटलं तर दोषी त्या निम्म्यात. तीच निम्मी पुन्हा अर्धी करा. एफ8 ने नोंद परत चालू होते, म्हणजे नुकसान काही नाही. गुलाबी नसलेल्यांना हात लावायचा नाही. घोडेगावला शेवटी फोटो लहान करणारं एक सॉफ्टवेअर निघालं. ते कंट्रोल पॅनेलमधून काढलं आणि मायक्रोसॉफ्टच्याच फुकट पॉवरटॉइजमधलं इमेज रिसायझर दिलं.

डीएलएल फाइल फोल्डरात जाऊन डिलीट करू नका. वापरात असली तर ती हलत नाही, आणि हलली तरी रजिस्ट्रीतली नोंद मागे राहते. विंडोज 11 ने वरची यादी छोटी केली, पण जुन्या नोंदी 'आणखी पर्याय दाखवा'च्या मागे तशाच आहेत. शिफ्ट आणि एफ10 दाबलं की तीच लांबलचक यादी समोर येते.

एक गोष्ट मात्र मी कडक शब्दांत सांगतो. 'अमुक डीएलएल सापडत नाही' असं आलं की लोक कुठल्याही साइटवरून ती उतरवतात. ज्या मशीनवर गावाचे आधार नि उत्पन्नाचे कागद आहेत, तिथे अनोळखी डीएलएल म्हणजे तुमच्या एक्सप्लोररला जे दिसतं ते सगळं तिलाही दिसणार. नामांकित सॉफ्टवेअरही सुटत नाही. 2019 च्या फेब्रुवारीत विनरारच्या एका जुन्या डीएलएलमधली खोट जाहीर झाली. एसीई प्रकारची फाइल एक्स्ट्रॅक्ट करताच विंडोजच्या स्टार्टअप फोल्डरात नको ते ठेवता येत होतं. 5.70 आवृत्तीत त्यांनी ती डीएलएलच काढून टाकली. विनरार स्वतःहून अपडेट होत नाही, म्हणून 'हेल्प'मध्ये 'अबाउट' उघडून आकडा बघा. त्याहून जुनं असेल तर आजच नवं उतरवा, तेही त्यांच्याच साइटवरून.