वाहन चालविण्याचे लायसन्स : स्वतःचा अर्ज, स्वतःची परीक्षा



स्मरणिकेत धम्मावरील व चळवळीवरील लेख असतात, ते असलेच पाहिजेत. परंतु समाजाच्या रोजच्या जीवनात उपयोगी पडेल अशा एखाद्या विषयाची पद्धतशीर माहितीही तीत असावी, असे आम्हांस वाटते. म्हणून या लेखात वाहन चालविण्याच्या लायसन्ससाठी परिवहन कार्यालयात प्रत्यक्ष हजर होण्यापूर्वी कोणती तयारी करावी, याचा अभ्यास आपण करू. विषय किरकोळ वाटेल, पण तो किरकोळ नाही. त्यासाठी आपल्या खानदेशातलीच एक घटना आधी आठवली पाहिजे.

१. चाळीसगावचा टांगा

सन १९२९. अस्पृश्यांच्या गाऱ्हाण्यांची चौकशी करण्यासाठी मुंबई सरकारने नेमलेल्या समितीचे सभासद म्हणून डॉ. बाबासाहेब आंबेडकर खानदेशात आले होते. धुळ्याकडील एका गावातील बहिष्काराची चौकशी करून परतताना ते चाळीसगावला थांबले. पाचोऱ्याहून मनमाडकडे जाताना लागते तेच हे चाळीसगाव. स्टेशनापासून महारवाड्यापर्यंत जायचे, तर वाटेत नदीवरचा पूल. पाहुण्यांना पायी नेणे बरे नव्हे म्हणून वस्तीतील लोकांनी टांगा ठरविला. परंतु अस्पृश्याला बसवून टांगा हाकण्यास एकही टांगेवाला तयार होईना. शेवटी टांगा भाड्याने मिळाला, पण हाकणारा मिळाला नाही. वस्तीतीलच एकजण हाकावयास बसला. त्याला टांगा हाकण्याची सवय नव्हती. पुलावर टांग्याला अपघात झाला, बाबासाहेब दगडी फरशीवर फेकले गेले, पायाचे हाड मोडले आणि कित्येक दिवस त्यांना चालता आले नाही. हा वृत्तान्त बाबासाहेबांनी स्वतः लिहून ठेवला आहे. महाराष्ट्र शासनाने प्रसिद्ध केलेल्या त्यांच्या लेखन व भाषणांच्या बाराव्या खंडात तो वाचावयास मिळतो.

या घटनेचा विचार नीट केला पाहिजे. ज्याला टांगा हाकता येत होता, त्याने जातीच्या गर्वापोटी नकार दिला. ज्याच्या मनात प्रेम होते, त्याला हाकता येत नव्हते. दोष अर्थातच पहिल्याचा. पण आपल्यासाठी बोध दुसऱ्या बाजूनेही आहे. माणसाचे प्रेम व मान कितीही मोठा असला, तरी चाकामागे बसणाऱ्याच्या हाताला शिक्षण लागते. आज आपल्या वस्तीत दुचाकी नाही असे घर क्वचितच सापडेल. मात्र त्या दुचाकीवर बसणाऱ्या प्रत्येकाजवळ लायसन्स आहे काय, हा प्रश्न प्रत्येकाने आपल्या घरात विचारून पाहावा.

२. लायसन्स नसेल तर काय होते ?

मोटार वाहन कायदा १९८८ च्या तिसऱ्या कलमानुसार लायसन्सशिवाय सार्वजनिक रस्त्यावर वाहन चालविता येत नाही. सन २०१९ च्या दुरुस्तीने यासाठीचा दंड ५,००० रुपये झाला. अल्पवयीन मुलाच्या हाती गाडी दिली आणि त्याच्याकडून गुन्हा घडला, तर पालकास किंवा गाडीमालकास तीन वर्षांपर्यंत कैद व २५,००० रुपये दंड होऊ शकतो, गाडीची नोंदणी बारा महिन्यांसाठी रद्द होते आणि त्या मुलाला वयाच्या पंचविसाव्या वर्षापर्यंत लायसन्स मिळत नाही.

परंतु दंडापेक्षा मोठा धोका निराळाच आहे. लायसन्स नसलेल्या माणसाच्या हातून कोणी जखमी वा मृत झाले, तर विमा कंपनीने नुकसानभरपाई आधी द्यावी आणि नंतर ती गाडीमालकाकडून वसूल करावी, असा आदेश न्यायाधिकरण देऊ शकते. म्हणजे विम्याचा हप्ता नियमित भरूनही कर्जाचा डोंगर घरावर येतो. ज्या घरात मजुरीच्या पैशावर मुले शिकत आहेत, त्या घराची दोन पिढ्यांची प्रगती अशा एका दुपारी मागे जाते.

३. वय आणि पायऱ्या

पन्नास सीसीपर्यंतच्या बिनगिअरच्या दुचाकीसाठी वय १६ वर्षे पूर्ण व पालकांची संमती लागते. परंतु बाजारातील नेहमीच्या पेट्रोल स्कूटर १०० सीसीच्या वरच्या असतात, त्यामुळे त्यांना ही सवलत लागू नाही. मोटारसायकल व हलके वाहन यांसाठी १८ वर्षे आणि परिवहन वाहनासाठी २० वर्षे पूर्ण लागतात. परिवहन वाहनाचे शिकाऊ लायसन्स मिळण्यापूर्वी हलक्या वाहनाचे लायसन्स किमान एक वर्ष जुने असावे लागते.

येथे दोन गोष्टी तरुणांनी टिपून ठेवाव्यात. परिवहन वाहनाच्या चालकास पूर्वी आठवी पासची अट होती. सन २०१९ मध्ये ती काढून टाकण्यात आली, त्यामुळे शाळा अर्धवट सुटलेल्या बांधवांनाही हा मार्ग खुला झाला. दुसरे असे की, ७,५०० किलोपर्यंत एकूण वजनाचे मालवाहू वा प्रवासी वाहन हलक्या वाहनाच्या लायसन्सवर चालविता येते, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये दिला आहे.

४. पहिली पायरी : शिकाऊ लायसन्स

अर्ज परिवहन विभागाच्या ‘सारथी’ या संकेतस्थळावर भरावा लागतो. जून २०२१ पासून महाराष्ट्रात आधार क्रमांकाच्या आधारे शिकाऊ लायसन्सची परीक्षा घरी बसून देण्याची सोय झाली आहे. त्यासाठी आधारला मोबाईल क्रमांक जोडलेला असला पाहिजे, कारण त्यावर सांकेतिक अंक येतो. ज्यांना हे जमत नाही, त्यांनी वेळ घेऊन कार्यालयात परीक्षा द्यावी.

परीक्षेत १५ प्रश्न असतात व ९ बरोबर आले की उमेदवार पास होतो. घरी परीक्षा देताना शेजारी बसलेल्याने उत्तरे सांगावीत, असा मोह होतो. तो टाळावा. पडद्यावर पास झालेला मुलगा रस्त्यावर नापास झाला, तर तेथे फेरपरीक्षा नसते.

अभ्यासासाठी एक सोपे सूत्र आहे. गोल चिन्ह म्हणजे आज्ञा, ती पाळलीच पाहिजे. त्रिकोणी चिन्ह म्हणजे सावधानतेचा इशारा. चौकोनी चिन्ह म्हणजे माहिती. ‘थांबा’चे चिन्ह अष्टकोनी आणि ‘रस्ता द्या’चे चिन्ह उलट्या त्रिकोणाचे, हे दोन अपवाद ध्यानात ठेवावेत. रखवालदार नसलेल्या रेल्वे फाटकावर गाडी थांबवून, खाली उतरून, दोन्ही बाजूंस पाहूनच पुढे जावे, असा कायदा आहे. पाचोरा-जामनेर या छोट्या रेल्वेची वाहतूक २०२० साली थांबली, पण तिची शिट्टी ऐकत मोठे झालेल्या आपल्या पिढीला हा नियम समजावून सांगण्याची गरज नसावी !

शिकाऊ लायसन्स सहा महिने चालते. या काळात गाडीच्या पुढे व मागे पांढऱ्या पाटीवर लाल रंगात इंग्रजी ‘एल’ अक्षर लावावे. पाटी १८ सेंटिमीटर लांब-रुंद असावी. मोटारीत शेजारी लायसन्सधारक शिकविणारा पाहिजे. दुचाकीवर शिकविणाऱ्याखेरीज मागे कोणासही बसवू नये.

५. दुसरी पायरी : प्रत्यक्ष हजर होणे

शिकाऊ लायसन्स मिळून तीस दिवस झाल्याशिवाय पक्क्या लायसन्सची परीक्षा देता येत नाही, आणि सहा महिने उलटले तर शिकाऊ लायसन्स पुन्हा काढावे लागते. तेव्हा दुसऱ्या-तिसऱ्या महिन्यातच संकेतस्थळावर अर्ज व फी भरून दिवस व वेळ ठरवून घ्यावी. डिसेंबर २०१६ मध्ये केंद्राने ठरविलेल्या दरांप्रमाणे शिकाऊ लायसन्सला प्रत्येक प्रकारासाठी १५० रुपये व परीक्षेला ५० रुपये, वाहन चालविण्याच्या परीक्षेला प्रत्येक प्रकारासाठी ३०० रुपये आणि लायसन्सला २०० रुपये अशी फी आहे. सेवा वा टपालाचा आकार वेगळा. भरावयाची नेमकी रक्कम पडद्यावर दिसते, ती वहीत लिहून ठेवावी. कोणी अव्वाच्या सव्वा पैसे मागितले, तर ही वही उपयोगी पडते.

पाचोरेकरांनी आणखी एक काळजी घ्यावी. आपल्या जिल्ह्याचे ‘एमएच १९’ म्हटले की जळगाव, हे आपल्या डोक्यात पक्के बसले आहे. परंतु परिवहन विभागाची नवी कार्यालये निघतात, आणि तालुक्याच्या गावी शिबिरेही भरतात. म्हणून भेटीच्या चिठ्ठीवर जे ठिकाण, जी तारीख व जी वेळ छापलेली असेल, तीच खरी मानावी. जळगाव असेल, तर सुमारे पन्नास किलोमीटरचा प्रवास धरून पहाटेच निघावे.

आदल्या रात्री पुढील वस्तू एका पिशवीत ठेवाव्यात :

(अ) भेटीची चिठ्ठी, अर्जाची प्रत, फीची पावती व मूळ शिकाऊ लायसन्स.
(आ) वयाचा पुरावा : शाळा सोडल्याचा दाखला किंवा जन्मदाखला. पत्त्याचा पुरावा : आधार, मतदार ओळखपत्र, पासपोर्ट यांपैकी जो अर्जात दिला असेल तो. मूळ प्रत व झेरॉक्स दोन्ही.
(इ) शारीरिक पात्रतेचे स्वतःचे घोषणापत्र, म्हणजे नमुना १. वय ४० च्या वर असेल किंवा परिवहन वाहन असेल, तर डॉक्टरांचे प्रमाणपत्र, म्हणजे नमुना १-अ.
(ई) ज्या गाडीवर परीक्षा द्यावयाची तिचे नोंदणी पुस्तक, चालू विमा व प्रदूषण तपासणीचा दाखला. गाडी त्याच प्रकारची असावी. गिअरच्या लायसन्ससाठी बिनगिअरची गाडी चालत नाही.
(उ) दुचाकी असेल तर हेल्मेट. चष्मा असेल तर चष्मा.

बँकेत काम करीत असल्यामुळे एक गोष्ट आम्ही रोज पाहतो. दाखल्यात नाव एक, आधारमध्ये दुसरे, मतदार यादीत तिसरेच. कोठे वडिलांच्या नावापुढे ‘भाऊ’ जोडलेले, कोठे ‘काशिनाथ’चे ‘काशीनाथ’. एका वेलांटीपायी माणसाचा दिवस व मजुरी दोन्ही बुडतात. म्हणून अर्ज भरण्यापूर्वीच सर्व कागद एका ओळीत मांडून नाव, जन्मतारीख व पत्ता अक्षर-अक्षर ताडून पाहावा. लायसन्स टपालाने घरी येते. भीमनगर व सिद्धार्थनगर गावोगावी आहेत, तेव्हा नुसते वस्तीचे नाव न लिहिता घर क्रमांक, जवळची खूण व पिन कोडही लिहावा.

६. मैदानावर

परीक्षकासमोर घाईने गाडी सुरू करू नये. प्रथम आरसा नीट करावा, गाडी न्यूट्रलमध्ये आहे की नाही ते पाहावे, मग सुरू करावी. दुचाकीला साधारणपणे इंग्रजी आठाच्या आकारात फिरवावयास लावतात. त्यात पाय टेकू नये. वळण्याआधी इशारा, वळताना कमी वेग, थांबण्याआधी आरसा, हा क्रम अंगवळणी पडला पाहिजे. मोटारीला चढावर थांबवून, मागे न घसरता पुन्हा पुढे नेणे व गाडी सरळ मागे घेणे, याचा सराव करावा. दिव्याचे इशारे असले, तरी हाताचे इशारेही यावेत.

नापास झाल्यास खचून जाऊ नये. सात दिवसांनंतर पुन्हा परीक्षा देता येते. तीन वेळा अपयश आले, तर मात्र साठ दिवस थांबावे लागते.

वयाच्या तिशीच्या आत काढलेले लायसन्स चाळिसाव्या वर्षापर्यंत चालते. तीस ते पन्नास वयात ते दहा वर्षांचे मिळते. मुदत संपल्यावर एक वर्षाच्या आत नूतनीकरण केले नाही, तर परीक्षा पुन्हा द्यावी लागते.

७. दलाल, शील आणि स्वाभिमान

कार्यालयाच्या बाहेर ‘काही करू नका, सही करा’ असे सांगणारे लोक भेटतात. ज्याला लिहिता येत नाही त्याने अर्ज भरून घेण्यासाठी मदत घेणे यात काही गैर नाही. परंतु परीक्षा न देता लायसन्स विकत घेणे ही गोष्ट निराळी. आपण रोज पंचशील ग्रहण करतो. जे आपल्याला दिलेले नाही ते घेणार नाही, खोटे बोलणार नाही, असे म्हणतो. डोळ्यांना दिसत नसताना दिसते असे घोषणापत्रात लिहिणे हे चौथे शील मोडणे होय. मद्य पिऊन गाडी चालविणे म्हणजे पाचवे शील मोडून पहिल्या शीलाला धोका देणे होय. तथागतांनी अप्रमादाला, म्हणजे सावधपणाला, सर्व कुशल कर्मांच्या मुळाशी ठेवले. रस्ता ही त्या सावधपणाची रोजची परीक्षा आहे.

ज्या समाजाला एकेकाळी टांग्यात बसू देत नव्हते, त्या समाजाची मुले-मुली आज एस.टी., रुग्णवाहिका, ट्रॅक्टर चालवितात. हा हक्क भीक म्हणून मिळालेला नाही. म्हणून त्याची सनद आपल्या खिशात आपल्या कष्टाची असावी, दलालाच्या मेहेरबानीची नसावी. विशेषतः मुलींनी मागे राहू नये. शिक्षणासाठी किंवा नोकरीसाठी ये-जा करणाऱ्या मुलीला कोणाची वाट पाहावी लागू नये, हाही स्वातंत्र्याचाच भाग आहे.

विहारात दर रविवारी वंदनेनंतर अर्धा तास काढून संगणक जाणणाऱ्या विद्यार्थ्यांनी दोघा-तिघांचे अर्ज भरून द्यावेत आणि लायसन्सधारक बांधवांनी मोकळ्या मैदानावर शिकवावे, एवढी नम्र सूचना करतो.

विद्यार्थ्यांसाठी स्वाध्याय

१) चाळीसगावच्या घटनेत टांगेवाल्याने नकार का दिला ? त्यातून आपण कोणता बोध घ्यावा ?
२) शिकाऊ व पक्के लायसन्स यांत किमान किती दिवसांचे अंतर लागते ?
३) गोल, त्रिकोणी व चौकोनी चिन्हांचा अर्थ सांगा.
४) आपल्या घरातील सर्वांच्या कागदपत्रांतील नाव व जन्मतारीख ताडून पाहा आणि फरक वहीत लिहा.

जयभीम ! नमो बुद्धाय !