कॉलेज नक्की कुणाचं?

माझा गावाकडचा एक दोस्त दुसऱ्या जिल्ह्यातल्या कॉलेजात शिकतो. मागच्या वर्षी त्याचा स्कॉलरशिपचा फॉर्म दीड महिना अडकला. कारण काय, तर संस्थेत दोन गट. दोघेही म्हणतात, अध्यक्ष आम्हीच. प्राचार्यही दोन! कुणाचा सही-शिक्का चालेल हे क्लार्कलाही सांगता येईना. मेसमध्ये हा किस्सा ऐकून आम्ही खूप हसलो. पण तिकडे त्याचे वडील फीसाठी उसनवारी करत फिरत होते, हे नंतर कळलं. तेव्हा ठरवलं की हे प्रकरण एकदा नीट समजून घ्यायचं.

खाजगी कॉलेजची मान तीन दोऱ्यांत अडकलेली असते.

पहिली दोरी संस्थेची. बहुतेक संस्था १८६० च्या सोसायटी कायद्याखाली आणि १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्याखाली नोंदलेल्या असतात. विश्वस्त बदलले की ९० दिवसांत धर्मादाय कार्यालयात ‘चेंज रिपोर्ट’ द्यावा लागतो. भांडणाचं मूळ इथंच. दोन गट दोन रिपोर्ट देतात, मग हरकती, सुनावणी, अपील. आपल्या जिल्ह्यातलं प्रकरण असेल तर शेवटी हायकोर्टाच्या औरंगाबाद (आता छत्रपती संभाजीनगर) खंडपीठापर्यंतही जातं. जमिनीला जसा सातबारा, तसा संस्थेला ‘शेड्यूल वन’चा उतारा. वाद झाला की पहिल्यांदा त्यावर नाव कुणाचं ते बघतात.

दुसरी दोरी विद्यापीठाची. संलग्नता विद्यापीठ देतं. मराठवाड्यातली बरीच इंजिनिअरिंग कॉलेजं आता लोणेऱ्याच्या तंत्रशास्त्र विद्यापीठाला जोडलेली आहेत. आर्ट्स-सायन्सची बरीच कॉलेजं मात्र मराठवाडा विद्यापीठाकडेच आहेत. त्यांना आधी १९९४ चा विद्यापीठ कायदा होता, १ मार्च २०१७ पासून २०१६ चा नवा कायदा लागू झाला. जुन्या ‘स्थानिक व्यवस्थापन समिती’च्या जागी ‘महाविद्यालय विकास समिती’ आली. तिच्यात प्राध्यापक असतात, शिक्षकेतर कर्मचारी असतात आणि विद्यार्थी परिषदेचे पदाधिकारीसुद्धा! म्हणजे कायद्याने आपल्यालाही खुर्ची दिलेली आहे.

तिसरी दोरी एआयसीटीईची, १९८७ च्या कायद्याची. ठाण्याच्या पार्श्वनाथ ट्रस्टने इंजिनिअरिंग कॉलेजची जागा पूर्वपरवानगी न घेता बदलली. मान्यता गेली. २०१२ साली सुप्रीम कोर्टानेही ट्रस्टला दिलासा दिला नाही, उलट मान्यता आणि संलग्नतेच्या तारखांचं वेळापत्रकच घालून दिलं.

आता मोठा प्रश्न: संस्थाचालकाचा हक्क किती आणि सरकारचा किती? १९९३ च्या उन्नीकृष्णन निकालाने ‘फ्री सीट’ आणि ‘पेमेंट सीट’ची योजना आणली. २००२ साली टी. एम. ए. पै खटल्यात ११ न्यायाधीशांनी ती योजना मोडीत काढली. कॉलेज काढणं आणि चालवणं हा हक्क आहे, पण नफेखोरी आणि कॅपिटेशन फी चालणार नाही, असं ते म्हणाले. मग आला आपल्या महाराष्ट्राचा खटला, पी. ए. इनामदार विरुद्ध महाराष्ट्र सरकार. १२ ऑगस्ट २००५ ला ७ न्यायाधीशांनी निकाल दिला: विनाअनुदानित कॉलेजवर सरकारला आपला कोटा लादता येणार नाही, मात्र प्रवेश गुणवत्तेवर आणि पारदर्शक हवेत, आणि फीवर नियंत्रण ठेवता येईल. पुढे ९३ व्या घटनादुरुस्तीने आरक्षणाचा कायदा करायची वाट मोकळी झाली. राज्यात २०१५ च्या कायद्याने फी ठरवायला प्राधिकरण आलं.

हे सगळं वाचल्यावर माझ्या एक लक्षात आलं. खटल्याच्या नावात संस्था असते, सरकार असतं, विद्यापीठ असतं. ज्याचं वर्ष जातं तो विद्यार्थी आणि ज्याचा पगार थांबतो तो कर्मचारी, यांचं नाव त्यात क्वचितच दिसतं.

म्हणून ॲडमिशन घेणाऱ्या धाकट्या भावा-बहिणींना एवढंच सांगा: बिल्डिंग आणि बस बघून भुलू नका. चालू वर्षाचं एआयसीटीईचं मान्यतापत्र, विद्यापीठाची संलग्नता आणि मंजूर फी, हे तीन कागद मागा. मागायला लाजू नका. आणि भरलेल्या प्रत्येक पैशाची पावती ट्रंकेत जपून ठेवा. माझ्या दोस्ताचं काम अखेर पावत्यांवरच निभावलं!