सर विल्फ्रिड लॉसन: गावाच्या हक्कासाठी झटलेला जमीनदार

गावात दारूचे पिठे असावे की नसावे, हे कोणी ठरवावे? परवाना देणाऱ्या अधिकाऱ्याने, की ज्यांच्या दारासमोर ते पिठे उघडावयाचे त्या गावकऱ्यांनी? हा साधा प्रश्न इंग्लंडच्या पार्लमेंटात एका खेड्यातील जमीनदाराने सुमारे चाळीस वर्षे लावून धरला. त्याचे चरित्र आपण आज पाहू.

1. घराणे व तारुण्य

विल्फ्रिड लॉसन यांचा जन्म 4 सप्टेंबर 1829 रोजी इंग्लंडच्या वायव्य भागातील कंबरलँड परगण्यात, ॲस्पॅट्रिया गावानजीकच्या ब्रेटन येथील वाड्यात झाला. वडील मोठे जमीनदार असून वंशपरंपरागत ‘सर’ हा किताब धारण करणारे होते. मद्यनिषेधाच्या चळवळीबद्दल त्यांना आस्था होती. मुलाला त्यांनी मोठ्या नामांकित शाळेत अगर विद्यापीठात धाडले नाही. त्याचे शिक्षण घरीच, एका काँग्रिगेशनल पाळकाच्या हाताखाली झाले.

तरुणपणी लॉसन यांना आपल्या वर्गातील इतर तरुणांप्रमाणेच घोड्यावर बसून कोल्ह्यांची शिकार करण्याचा मोठा नाद होता. जॉन पील हा त्या परगण्यातील प्रसिद्ध शिकारी 1854 साली मरण पावला, तेव्हा त्याची शिकारी कुत्री लॉसन यांनीच विकत घेतली. म्हणून दारूच्या विरुद्ध बोलणारा मनुष्य सुतकी चेहऱ्याचा असावयाचा, अशी ज्यांची समजूत होती त्यांचा लॉसन यांना पाहून भ्रमनिरास होत असे. कॉमन्स सभेत ते विनोदी वक्ते म्हणून ओळखले जात; विरुद्ध पक्षाचे लोकही त्यांचे भाषण आवडीने ऐकत. वडिलांच्या पश्चात, 1867 साली, किताब व जमीनजुमला त्यांच्याकडे आला.

2. जमीनदाराचा अधिकार गावाला

1859 साली कार्लाइल शहरातर्फे लॉसन प्रथम पार्लमेंटात निवडून आले. दारूच्या दुकानांचे परवाने देण्याचे काम त्या काळी मॅजिस्ट्रेटांकडे असे, व खेड्यापाड्यांतील मॅजिस्ट्रेट म्हणजे बहुधा जमीनदारच. 1864 साली लॉसन यांनी एक बिल सभेपुढे मांडले. एखाद्या गावातील कर भरणाऱ्यांपैकी दोनतृतीयांश लोकांनी मागणी केल्यास तेथे दारूची विक्री बंद व्हावी, एवढेच त्यात होते. सर्व देशात एकदम दारूबंदी करावी असे त्यात नव्हते. ज्या गावाला नको असेल त्याने नको म्हणावे, आणि ते म्हणणे चालावे.

या मागणीच्या मुळाशी असलेला विचार ध्यानात घेण्याजोगा आहे. जमीनदार आपल्या मालकीच्या गावात दारूचे दुकान उघडू द्यावयाचे की नाही हे आजच ठरवू शकतो, आणि कित्येक जमीनदार तसे करतातही. मग जे एकट्या धन्याला करता येते, ते सर्व गावकऱ्यांना मिळून का करता येऊ नये? धनी चांगला असला तर गाव वाचेल आणि वाईट असला तर बुडेल, हा न्याय नव्हे, असे लॉसन व त्यांचे सहकारी म्हणत. लॉसन स्वतःच जमीनदार होते. आपल्या वर्गाच्या हातात असलेली सत्ता गावाच्या हाती जावी, अशीच त्यांची मागणी होती.

यावर आक्षेप पुष्कळ आले. हा व्यक्तीच्या स्वातंत्र्यावर घाला आहे, असे कोणी म्हटले. श्रीमंताच्या तळघरातील दारू तशीच राहील आणि गरिबाचा पेला मात्र जाईल, असे दुसऱ्यांनी म्हटले. हा दुसरा आक्षेप पोकळ नव्हता. शिवाय मत कर भरणाऱ्यांनाच असल्यामुळे, नवऱ्याच्या व्यसनाचा मार जिला सोसावा लागे त्या विवाहित स्त्रीला बहुधा मतच नव्हते. बिलातील हा उणेपणा आपण मान्य केला पाहिजे.

3. पराजयांची मालिका

पहिल्या खेपेस त्या बिलाला चाळीस सभासदांचाही पाठिंबा मिळाला नाही. विरुद्ध जवळजवळ तीनशे गेले. पुढील वर्षीच्या निवडणुकीत लॉसन यांची जागाही गेली. 1868 साली ते परत निवडून आले आणि त्यांनी तेच बिल पुन्हा मांडले. ते पुनःपुन्हा फेटाळले गेले. 1879 पासून त्यांनी बिलाऐवजी केवळ तत्त्वाचा ठराव मांडण्यास आरंभ केला. तो ठराव 1880 साली 26 मतांच्या, 1881 साली 42 मतांच्या व 1883 साली 87 मतांच्या अधिक्याने पास झाला. परंतु ठराव म्हणजे कायदा नव्हे. 1893 व 1895 साली सरकारनेच या विषयावर बिले आणली, तीही तडीस गेली नाहीत.

1885 च्या निवडणुकीतील एक गोष्ट विशेष आहे. कॉकरमथ मतदारसंघात लॉसन अवघ्या 10 मतांनी पडले. आयर्लंडचे पुढारी पार्नेल यांच्या आदेशावरून तेथील आयरिश मतदारांनी त्यांच्या विरुद्ध पक्षाला मते दिली होती. दुसरा कोणी असता तर त्याने मनात डूख धरला असता. लॉसन यांनी पुढच्याच वर्षी आयर्लंडच्या स्वराज्याचा पक्ष घेतला व त्याच मतदारसंघातून ते निवडून आले. पुढे दक्षिण आफ्रिकेतील बोअर युद्धाला त्यांनी उघड विरोध केला आणि 1900 साली त्यांची जागा पुन्हा गेली. 1903 साली ते कॉर्नवॉलमधील कँबोर्नतर्फे व 1906 साली पुन्हा कॉकरमथतर्फे पार्लमेंटात आले. त्याच वर्षी 1 जुलै रोजी, वयाच्या 76 व्या वर्षी, त्यांचे निधन झाले. इंग्लंडात त्यांच्या मनासारखा कायदा त्यांच्या हयातीत झाला नाही आणि नंतरही झाला नाही.

4. मागे काय राहिले?

स्कॉटलंडात मात्र 1913 साली असा कायदा झाला व 1920 पासून तेथे गावोगावी मतदान होऊ लागले. ॲस्पॅट्रियाच्या लोकांनी लॉसन यांच्या स्मरणार्थ कारंजे बांधले; त्यावर अजगरासारख्या राक्षसी प्राण्याला मारणाऱ्या संत जॉर्जची मूर्ती आहे. ब्रेटनचा वाडा 1918 साली जळून गेला, कारंजे राहिले.

आपल्या देशाशीही या चळवळीचा संबंध आला. लॉसन यांच्या विचाराचे सभासद सॅम्युअल स्मिथ व विल्यम केन यांनी 1889 साली हिंदुस्थान सरकारच्या अबकारी धोरणाविरुद्ध ठराव आणला, आणि तो 103 विरुद्ध 113 मतांनी कॉमन्स सभेत पास झाला. आज महाराष्ट्रात गावाच्या मतदानाने दारूचे दुकान बंद करण्याची तरतूद आहे, ती याच तत्त्वाची आहे. मतपत्रिकेवर ‘उभी बाटली’ व ‘आडवी बाटली’ अशी दोन चिन्हे असतात. लॉसन यांच्या बिलात स्त्रीला जे स्थान नव्हते ते येथे तिला मिळाले आहे. गावातील एकूण महिला मतदारांपैकी निम्म्याहून अधिक जणींनी आडव्या बाटलीला मत दिले, तर दुकान बंद होते. येथे ‘एकूण’ हा शब्द महत्त्वाचा आहे. जी बहीण त्या दिवशी घरी बसते, तिचे न दिलेले मत उभ्या बाटलीच्याच पदरात पडते.

बोध

अधिकार आपल्या हाती असता तो इतरांना मिळावा म्हणून झटणे, ही मोठेपणाची खरी कसोटी होय. दुसरे असे की, हरलेला पक्ष खोटाच असतो असे नाही. पहिल्या दिवशी चाळीसही सोबती नसलेल्या मनुष्याने सोळा वर्षांनी त्याच सभेत बहुमत मिळविले. तिसरे, हक्क मागून मिळतो, परंतु तो टिकतो वापरल्याने.

चर्चेसाठी प्रश्न

1. जमीनदाराला जे करता येत होते ते गावाला का करता येऊ नये, या युक्तिवादात बळ कोठे आहे?
2. ‘गरिबाचाच पेला जाईल’ या आक्षेपाला आपण काय उत्तर द्याल?
3. आपल्या गावात मतदानाचा प्रसंग आला, तर कोण घरी बसण्याचा संभव आहे, आणि का?