तापनियंत्रक : घरातील उष्णतेचा पहारेकरी

अंबाडी नाक्यावरून वज्रेश्वरीकडे जाणारा रस्ता येथील विद्यार्थ्यांच्या चांगल्या परिचयाचा असतो. त्या बाजूच्या कुंडांतील ऊन पाणी निसर्ग देईल तसे घ्यावे लागते; ते कमीअधिक करणे कोणाच्या हाती नाही. घरातील इस्त्री किंवा विजेचा बंब यांची गोष्ट निराळी. त्यांत ठरावीक तापमान राखणारे एक लहानसे उपकरण असते. त्यास तापनियंत्रक अथवा थर्मोस्टॅट म्हणतात.

पाठाचा आरंभ इस्त्रीपासून करावा. इस्त्री पुरेशी तापली की तिचा दिवा विझतो आणि थोड्या वेळाने आपोआप पुन्हा लागतो. असे का होते, हा प्रश्न प्रथम वर्गास विचारावा. इस्त्रीच्या नियंत्रकात दोन भिन्न धातू एकमेकांस घट्ट जोडून केलेली पट्टी असते. उष्णतेने धातू प्रसरण पावतात, परंतु सारख्या प्रमाणात नव्हे. एक मीटर लांबीची पितळेची कांब १०० अंश सेल्सिअसने तापविल्यास सुमारे २ मिलिमीटर वाढते; लोखंड व निकेल यांचा इन्व्हार नावाचा मिश्रधातू त्याच्या दशांशाहूनही कमी वाढतो. (इन्व्हारचे संशोधक गियोम यांना १९२० साली भौतिकशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले.) जोडपट्टीची एक बाजू अधिक लांबते, दुसरी मागे राहते, साहजिकच पट्टी वाकते, तिचा स्पर्श सुटतो व वीजप्रवाह खंडित होतो. ती निवली की प्रवाह पुन्हा सुरू होतो.

चॉकलेटच्या वेष्टनातील, एका बाजूस कागद चिकटविलेल्या चकचकीत वर्खाची अरुंद पट्टी शिक्षकांनी स्वतः चिमट्याने मेणबत्तीच्या ज्योतीच्या बरीच वर धरावी. ती कागदाच्या बाजूस वळू लागते. हा प्रयोग मुलांच्या हाती देऊ नये.

चकती पुढे फिरविली म्हणजे इस्त्री लवकर तापते, असा समज घरोघर आढळतो. तो चुकीचा आहे. तापण्याचा वेग तोच राहतो. कोठे थांबावयाचे एवढेच चकती ठरविते. भिवंडीच्या यंत्रमागांवर सुती कापडाप्रमाणे कृत्रिम धाग्यांचेही कापड निघते. सुतीच्या खुणेवरील इस्त्री अशा कापडावर फिरविल्यास ते वितळून चिकटते.

आता निवडीविषयी. पाणी तापविण्याच्या साध्या विजेच्या सळईत बहुधा नियंत्रक नसतो. पाणी उकळले तरी ती तापतच राहते. शिवाय ती चालू असताना पाण्यात हात घातल्यास विजेचा धक्का बसून प्राणही जाऊ शकतो. बंब घेताना त्यावर भारतीय मानकाचे आयएसआय चिन्ह पाहावे, आणि नियंत्रक बिघडल्यास वीज तोडणारी स्वतंत्र योजना आहे की नाही, हे दुकानदारास विचारून घ्यावे. केवळ किंमत पाहून ही दुसरी चौकशी टाळणे बरे नव्हे. ६० अंशांचे पाणी काही सेकंदांतच कातडी भाजते, लहान मुलांची तर त्याहून लवकर. म्हणून बादलीत आधी थंड पाणी घ्यावे व मग त्यात ऊन पाणी सोडावे, हे मुलांकडून घरी सांगवावे.