चरित्रकाराची कसोटी

यवतमाळ जिल्ह्याच्या वणी तालुक्यात राजूर हे कोळशाच्या खाणीचे गाव आहे. तेथील एखाद्या विद्यार्थ्याने आपल्या आजोबांचे चरित्र लिहावयाचे मनात आणले, असे समजा. आजोबांचा उभा जन्म खाणीत राबण्यात गेला. ज्या साली मोठा पूर आला, त्या साली आपण खाणीत लागलो, असे ते सांगतात. आजीच्या मते ते दुष्काळाचे साल होते. आणि पेटीतील जुन्या कागदावर तिसरेच साल आहे. खोटे कोणीच बोलत नाही. तथापि चरित्रात साल एकच लिहावे लागते. म्हणून आठवण, साक्ष आणि कागद ही एकमेकांशी ताडून पाहावी लागतात. कागदही चुकतो, तो लिहिणारा कारकून माणूसच असतो!

याहून अवघड प्रश्न पुढेच आहे. शेताच्या बांधावरून आजोबांनी धाकट्या भावाशी अबोला धरला होता. ती हकीकत लिहावी, की गाळावी?

राजूरजवळच्या वणी येथे १८८० साली जन्मलेले लोकनायक बापूजी अणे यांनी लोकमान्य टिळकांचे चरित्र लिहिले, तेही संस्कृत पद्यात. ‘श्रीतिलकयशोऽर्णव’ हे त्याचे नाव. अर्णव म्हणजे समुद्र. श्लोक १२,००० हून अधिक! अणे १९६८ साली निवर्तले आणि या ग्रंथास १९७३ चे साहित्य अकादमी पारितोषिक मरणोत्तर मिळाले. अणे हे टिळकांचे निष्ठावंत अनुयायी होते. अनुयायाने आपला नायक जवळून पाहिलेला असतो, हा त्याचा मोठा लाभ. परंतु डोळ्याला अगदी चिकटवून धरलेले अक्षर वाचता येत नाही.

टिळकांचे चरित्र लिहिणाऱ्या कोणालाही आगरकर टाळता येत नाहीत. हे दोघे जिवलग मित्र. १८८२ साली डोंगरीच्या तुरुंगात त्यांनी १०१ दिवस एकत्र काढले. पुढे आधी समाजसुधारणा की आधी स्वराज्य, या वादाने त्यांच्यात अंतर पडले. आगरकरांनी ‘केसरी’ सोडला व १८८८ साली ‘सुधारक’ काढला. केवळ ‘केसरी’ वाचून लिहिले, तर आगरकर हट्टी वाटतील. केवळ ‘सुधारक’ वाचून लिहिले, तर टिळक. चरित्रकाराला दोन्ही पत्रांचे जुने अंक चाळावे लागतात, मग त्याचे प्रेम कोणावरही असो.

राजूरच्या त्या विद्यार्थ्यालाही वही घेऊन एकदा चुलत आजोबांच्या ओसरीवर जाऊन बसावे लागेल. बांधाची हकीकत तेथे निराळीच ऐकू येईल.