शेजारच्या ताऱ्यांचे ग्रह

भंडारा शहराजवळ वरठी हे गाव आहे. मुंबईहून हावड्याकडे जाणारा लोहमार्ग या गावावरून जातो. येथील स्थानकास ‘भंडारा रोड’ असे नाव आहे. वैशाखातील उकाड्याने घरात झोप येईनाशी झाली, म्हणजे मंडळी अंगणात खाटा टाकतात. अशा वेळी, मे महिन्याच्या मध्यास, रात्री अकरा-साडेअकराच्या सुमारास दक्षिणेकडे पाहावे. क्षितिज मोकळे असेल, तर तेथे दोन तेजस्वी तारे शेजारी शेजारी दिसतात. डावीकडचा अधिक तेजस्वी तारा तो ‘मित्र’ आणि उजवीकडचा ‘मित्रक’. मित्र येथून फार वर येत नाही. हात लांब करून मूठ धरली, तर तिच्याआड क्षितिजापासून त्याच्यापर्यंतचे अंतर झाकून जाते.

हा मित्र आपल्या सूर्याचा खरोखरच शेजारी आहे. नुसत्या डोळ्यांना तो एक दिसतो. पण तेथे तीन तारे आहेत. त्यांतील दोन सूर्यासारखे असून तिसरा लहान, तांबूस व फार अंधुक आहे. त्याचे नाव प्रॉक्झिमा. १९१५ मध्ये रॉबर्ट इन्स या ज्योतिर्विदांनी तो शोधून काढला. सूर्याला सर्वांत जवळचा तारा तोच; तरीही त्याचे अंतर सव्वाचार प्रकाशवर्षे आहे. प्रकाश एका सेकंदात सुमारे तीन लक्ष किलोमीटर जातो. सूर्याचा प्रकाश आपल्यापर्यंत सव्वाआठ मिनिटांत येतो. प्रॉक्झिमाच्या प्रकाशास मात्र चार वर्षांहून अधिक काळ लागतो. ताशी १०० किलोमीटर वेगाने, कोठेही न थांबता धावणारी आगगाडी तेथे पोहोचण्यास साडेचार कोटींहून अधिक वर्षे लागतील!

सूर्याभोवती जसे ग्रह फिरतात, तसे या दूरच्या सूर्यांभोवतीही फिरत असतील काय? हा प्रश्न माणसाच्या मनात फार दिवसांपासून आहे. परंतु ग्रहास स्वतःचा प्रकाश नसतो. ताऱ्याच्या झगमगाटात तो लोपून जातो. मग न दिसणाऱ्या ग्रहाचा पत्ता लावावा कसा?

येथे फुगडीचा खेळ उपयोगी पडतो. थोरली बहीण चिमुकल्या बहिणीचे हात धरून गिरकी घेते, तेव्हा धाकटी मोठ्या वर्तुळात फिरते. पण थोरलीही जागच्या जागी स्थिर राहत नाही. तिचे पाऊल लहानशा वर्तुळात फिरतच असते. तारा आणि ग्रह यांचेही तसेच आहे. ग्रह ताऱ्याभोवती फिरतो आणि त्याच्या ओढीने तारा किंचित डुलतो. ग्रह दिसला नाही, तरी ताऱ्याचे डुलणे मोजता आले, म्हणजे ग्रह सापडला.

या प्रयत्नाच्या इतिहासात महाराष्ट्राचेही नाव आहे. मुंबई इलाख्याच्या इंजिनिअर दलातील कॅप्टन विल्यम स्टीफन जेकब यांनी १८४२ मध्ये पुण्यास स्वतःची वेधशाळा उभारली. एकमेकांभोवती फिरणाऱ्या जोडताऱ्यांचे वेध घेण्याचा त्यांना छंद होता. पुढे ते मद्रास वेधशाळेचे प्रमुख झाले. भुजंगधारी या तारकासमूहात ‘७० भुजंगधारी’ नावाचा एक जोडतारा आहे. तो सुमारे १७ प्रकाशवर्षे दूर आहे. त्याचे तारे गणिताने सांगितलेल्या जागी अचूक सापडत नाहीत, असे जेकब यांना आढळले. तेथे एखादा अदृश्य ग्रह असण्याचा फार संभव आहे, असे त्यांनी १८५५ मध्ये लिहिले.

तो ग्रह पुढे कोणालाही आढळला नाही. त्या काळच्या दुर्बिणींच्या मानाने ते मोजमापच अतिशय सूक्ष्म होते. परंतु जेकब यांची जिज्ञासा मंदावली नाही. पुण्याजवळच्या डोंगरावर नवी वेधशाळा उभारण्यासाठी ते इंग्लंडहून पुन्हा निघाले. ऑगस्ट १८६२ मध्ये ते मुंबईस उतरले आणि त्याच महिन्याच्या १६ तारखेस पुण्यास त्यांचे निधन झाले. ती वेधशाळा त्यांच्या हातून उभी राहिली नाही.

याच भुजंगधारीत, जेकबांच्या ताऱ्यापासून केवळ दोन बोटांच्या अंतरावर, बर्नार्डचा तारा आहे. मित्राच्या त्रिकुटानंतर सूर्याला सर्वांत जवळचा तारा हाच. त्याचे अंतर सुमारे ६ प्रकाशवर्षे असून तो नुसत्या डोळ्यांना दिसत नाही. अमेरिकेतील पीटर व्हान डी काम्प यांनी या ताऱ्याची अनेक वर्षांची छायाचित्रे मोजली आणि त्याच्याभोवती एक मोठा ग्रह असल्याचे १९६३ मध्ये जाहीर केले. पुष्कळांनी ते खरे मानले. परंतु १९७३ च्या सुमारास दुसऱ्या संशोधकांनी पुन्हा तपासणी केली. त्या दुर्बिणीतून घेतलेल्या छायाचित्रांत इतर तारेही त्याच वर्षी, तसेच सरकलेले त्यांना दिसले! दोष ताऱ्याचा नव्हता; दुर्बिणीच्या भिंगाच्या जोडणीत केलेल्या बदलाचा होता.

मग नवी वाट सापडली. ती समजण्यासाठी पुन्हा वरठीच्या स्थानकाकडे वळावे. जी गाडी येथे थांबत नाही, ती शिट्टी देत जवळ येते, तेव्हा शिट्टीचा स्वर उंच वाटतो. गाडी समोरून निघून गेली, की तोच स्वर एकदम खाली उतरतो. शिट्टी बदललेली नसते. ती आधी जवळ येत असते आणि मग दूर जाऊ लागते. प्रकाशाचेही असेच होते. तारा आपल्याकडे येत असेल, तर त्याच्या वर्णपटातील रेषा जांभळ्या टोकाकडे सरकतात. दूर जात असेल, तर तांबड्या टोकाकडे. या रेषांचे मागेपुढे होणे मोजून मिशेल मायोर व दिदिए केलो यांनी १९९५ मध्ये महाश्व समूहातील सुमारे ५० प्रकाशवर्षे दूर असलेल्या ताऱ्याचा ग्रह शोधला. त्याबद्दल त्यांना २०१९ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाले.

२०१६ मध्ये याच रीतीने प्रॉक्झिमाचा ग्रह सापडला. त्याचे वस्तुमान पृथ्वीएवढेच किंवा थोडे अधिक असावे. ताऱ्याभोवतीची त्याची प्रदक्षिणा सुमारे ११ दिवसांत पुरी होते. त्याच्या ओढीने प्रॉक्झिमा किती वेगाने मागेपुढे होतो? ताशी पाच किलोमीटर, म्हणजे माणूस रमतगमत चालतो तितक्या वेगाने! चाळीस लाख कोटी किलोमीटरांवरील ताऱ्याची ही चाल माणसाने पृथ्वीवर बसून मोजली. तो ग्रह जीवसृष्टीस योग्य आहे की नाही, हे मात्र अद्याप ठरलेले नाही. प्रॉक्झिमावर वारंवार प्रखर ज्वाळा उसळतात. त्यांच्यापुढे ग्रहाचे वातावरण टिकले असेल काय, हाच मुख्य प्रश्न आहे.

आणि बर्नार्डचा तारा? २०१८ मध्ये त्याच्याभोवती ग्रह सापडल्याचे पुन्हा जाहीर झाले. तोही २०२१ मध्ये खोटा ठरला. ताऱ्याच्या पृष्ठभागावरील हालचालींनी संशोधकांना चकविले होते. तरी वेध थांबले नाहीत. २०२४ मध्ये चिलीतील दुर्बिणीने एक ग्रह दाखविला आणि २०२५ मध्ये हवाई बेटावरील दुर्बिणीच्या साह्याने चार ग्रह निश्चित झाले. चारही पृथ्वीहून लहान आहेत. ताऱ्याच्या इतक्या निकट ते फिरतात, की सर्वांत दूरच्या ग्रहाचे वर्षही सात दिवसांचे भरत नाही. व्हान डी काम्प यांनी सांगितलेला ग्रह त्यांत नाही. पण त्यांनी ज्या ताऱ्याचा ध्यास घेतला, त्याला ग्रह आहेत, हे अखेर सिद्ध झाले.

जेकब चुकले, व्हान डी काम्पही चुकले. परंतु त्यांनी आपली मोजमापे जगापुढे मांडली, म्हणूनच दुसऱ्यांना ती तपासता आली आणि चूक कोठे झाली, ते कळले. शास्त्राची वाटचाल अशी चालते. एकाने धीटपणे सांगावे, दुसऱ्याने निर्भयपणे पारखावे आणि जे खरे ठरेल, ते सर्वांनी स्वीकारावे.

मे महिन्यात मध्यरात्र उलटली, म्हणजे वरठीच्या अंगणावर भुजंगधारी पूर्वेकडून वर चढतो. अंधार गडद असेल, तर जेकब यांचा तारा एखाद्या फिकट ठिपक्यासारखा दिसतो. त्याच्याभोवती ग्रह आहे की नाही, हे अजून कोणी सिद्ध केलेले नाही.

अभ्यास

१. ताऱ्याभोवतीचा ग्रह दुर्बिणीतूनही सहज का दिसत नाही?
२. फुगडी आणि आगगाडीची शिट्टी या दोन उदाहरणांवरून कोणत्या दोन गोष्टी समजतात?
३. बर्नार्डच्या ताऱ्याविषयीच्या चुका कशा उघडकीस आल्या, ते आपल्या शब्दांत लिहा.