कोळीनृत्य कसें टिकेल?

१९७० सालीं सिडको स्थापन होऊन नवी मुंबई वसूं लागली. पण दिवाळे, सारसोळे येथील कोळीवाडे त्याहून जुने. वल्हें मारणें, जाळें टाकणें हीं त्यांचीं नित्याचीं कामेंच कोळीनृत्यांत तालावर येतात. शाळांच्या संमेलनांतून हें नृत्य होतें, याचा आम्हांस आनंद वाटतो; तशी चिंताही वाटते. ज्यानें वल्हें कधीं हातीं धरलें नाहीं, त्याचा हात नुसता हवेंत फिरतो. पाण्याचा भार त्यांत दिसत नाहीं. यास्तव वर्गांत कोळीवाड्यांतील विद्यार्थी असल्यास त्याच्या आजोबांस आदरानें शाळेंत बोलवावें. वल्हें कोठें खोल जातें, अंग कोठें झुकतें, हें त्यांच्यापासून शिकावें आणि मगच रंगमंचावर जावें. येत्या नारळी पौर्णिमेपूर्वींच आरंभ करूं या. शिकविणारे हात अद्याप आहेत.